गोवारी की गोंड गोवारी: यादीतल्या एका नोंदीवर अडलेला विदर्भातला दावा

अनुसूचित जमातींच्या यादीतले ‘गोंड गोवारी’ म्हणजे आम्हीच, हा गोवारी समाजाचा दावा १८ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने फेटाळला. न्या. अशोक भूषण, न्या. आर. सुभाष रेड्डी आणि न्या. एम. आर. शहा यांच्या खंडपीठाने मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाचा १४ ऑगस्ट २०१८ चा निकाल रद्द केला. या दोन तारखांच्या मधल्या काळात गोवारी कुटुंबांना अनुसूचित जमातीचे दाखले मिळाले होते. कोणाचा मुलगा राखीव जागेवर शिकायला गेला, कोणाची मुलगी नोकरीला लागली. त्याआधी अनेक वर्षे हाच दाखला मागितला की नाकारला जात होता आणि निकालानंतर तो पुन्हा बंद झाला. हे सगळे कशावरून घडले ते नीट समजून घ्यायला हवे, कारण राज्यात जमातीचा दावा फेटाळला गेलेल्या इतर अनेक समाजांच्या फायलीत याच प्रश्नाचे कुठले ना कुठले रूप दडलेले असते.

गोवारी हा पूर्व विदर्भातला गुराखी समाज. नागपूर, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या पट्ट्यात गावाची गुरे राखण्याचे काम पिढ्यान्‌पिढ्या त्यांच्याकडे होते. दिवाळीत गायगोधनाचा मान त्यांचा. ढाल काढायची, गाई खेळवायच्या, ‘कोडा-कोडवान’ या पूर्वजदेवांची पूजा करायची. जमीन फारशी नाही, शिक्षण उशिरा आले, आणि शेजारच्या गोंडांशी त्यांचे जगणे इतके मिसळलेले की बाहेरून आलेल्या माणसाला फरक कळू नये.

अनुसूचित जमातींच्या महाराष्ट्राच्या यादीत ‘गोवारी’ असा शब्द नाही. अठराव्या क्रमांकावर गोंड जमातीची मोठी नोंद आहे. तिच्यात राजगोंड, माडिया, आरख, माना अशी पन्नासच्या आसपास नावे एकाखाली एक दिली आहेत आणि त्यांत अठ्ठाविसावे नाव ‘गोंड गोवारी’ आहे. हे नाव १९५६ च्या आदेशाने आले. त्या वेळी विदर्भ जुन्या मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात येत होता. सुरुवातीला ही नोंद सगळीकडे लागूही नव्हती. मेळघाट, गडचिरोली आणि सिरोंचा तहसील, तसेच केळापूर, वणी आणि यवतमाळ तहसील एवढ्यापुरतीच ती होती. १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने क्षेत्राची अट काढली आणि नोंद राज्यभर लागू झाली. त्यानंतर गोवारी कुटुंबे ‘गोंड गोवारी’ म्हणून दाखले मागू लागली, आणि त्याच काळात सरकारही सावध झाले.

२४ एप्रिल १९८५ चा आदिवासी विकास विभागाचा शासन निर्णय या प्रकरणात पुन्हा पुन्हा येतो. नावात साम्य असलेल्या बिगर आदिवासी जाती जमातींच्या सवलती घेत आहेत, तेव्हा दाखला देताना त्या कुटुंबाचे रीतिरिवाज, देव, विवाहसंबंध मूळ जमातीशी जुळतात का ते पाहा, असे तो अधिकाऱ्यांना सांगतो. यालाच आप्तभाव चाचणी म्हणतात. गोवारी कुटुंबाला ती कशी लागते? दाखले तपासणाऱ्या पडताळणी समितीच्या दक्षता पथकाचा अधिकारी घरी येतो आणि विचारतो: तुमचे देव किती? गोंडांत चार, पाच, सहा, सात देव मानणारे गट असतात आणि सोयरीक त्यावरून ठरते. मग कुलदैवत, गोत्र, लग्नातले विधी, मयताचे विधी. नागपुरात दोन पिढ्या राहिलेल्या, बापाने एमआयडीसीत नोकरी केलेल्या घरातला विशीतला मुलगा या प्रश्नांना काय उत्तर देणार? तो गप्प बसतो, आणि त्याचे गप्प बसणे अहवालात ‘आप्तभाव सिद्ध होत नाही’ असे उतरते.

२३ नोव्हेंबर १९९४

या समाजाची मागणी महाराष्ट्राला माहीत झाली ती एका भीषण घटनेमुळे. नागपुरात हिवाळी अधिवेशन चालू होते. विदर्भाच्या गावागावांतून आलेला गोवारींचा मोर्चा विधान भवनाकडे निघाला आणि मॉरिस कॉलेज टी-पॉइंटजवळ अडवला गेला. पोलीस कारवाई आणि चेंगराचेंगरीत ११४ जण मेले. मृतांत बहुसंख्य बाया आणि लेकरे होती. आदिवासी विकासमंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला. चौकशी आयोग नेमला गेला. सीताबर्डीवरच्या उड्डाणपुलाला आज आदिवासी गोवारी शहिदांचे नाव आहे.

मागणी एका ओळीची होती: आम्हाला अनुसूचित जमातीचे दाखले द्या. १९९५ मध्ये सरकारने त्यांना विशेष मागास प्रवर्गात घातले. दोन टक्के आरक्षण, आणि तेही कोष्टी, कोळी, मुन्नेरवार अशा आणखी समाजांबरोबर वाटून. शिक्षण आणि राज्य सरकारच्या नोकरीत त्याचा उपयोग झाला हे नाकारता येणार नाही. पण विधानसभेच्या २५ आणि लोकसभेच्या ४ राखीव जागांशी या प्रवर्गाचा संबंध नाही, आणि आदिवासी विकास विभागाच्या योजनाही त्यांच्यासाठी नाहीत. शंभराहून अधिक माणसे गेल्यावर राज्याने या समाजाचा अभ्यास करून, गोवारी जमात आहे की नाही याचे स्पष्ट उत्तर तयार करून ते दिल्लीसमोर ठेवायला हवे होते. त्याऐवजी वेगळा प्रवर्ग देऊन विषय शांत केला गेला. पुढची सगळी कोर्टबाजी यातून निघाली असे मी मानतो.

नागपूर खंडपीठाने काय केले

समाजाच्या संघटनांनी आणि काही व्यक्तींनी उच्च न्यायालयात याचिका केल्या. त्यांच्या युक्तिवादाचा गाभा असा: ‘गोंड गोवारी’ नावाची वेगळी जमात अस्तित्वातच नाही. जे आहेत ते गोवारी. मग १९५६ मध्ये यादीत हे नाव घातले ते कोणासाठी? आमच्यासाठीच.

हा युक्तिवाद हवेत नव्हता. त्याला १९६४ च्या एका निकालाचा आधार होता. बसवलिंगप्पा विरुद्ध मुनिचिन्नप्पा या म्हैसूरच्या निवडणूक प्रकरणात यादीत ‘भोवी’ ही जात होती, पण जुन्या म्हैसूर संस्थानात भोवी नावाची जात कोणाला माहीत नव्हती. तिथे वड्डर होते, आणि १९४६ मध्ये संस्थानाच्या आदेशाने वड्डरांना भोवी म्हणायला सुरुवात झाली होती. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने पुरावा पाहिला आणि म्हटले की राष्ट्रपतींच्या आदेशातला भोवी म्हणजे वड्डर. यादीत काही भर घालता येत नाही, पण त्या नावाची जातच नसेल तर ते नाव कोणाला उद्देशून आहे एवढे शोधता येते.

नागपूर खंडपीठाने ती वाट धरली. जुने जनगणना अहवाल आणि रसेल व हिरालाल यांचा १९१६ चा मध्य प्रांतातल्या जाती-जमातींवरचा ग्रंथ असे साहित्य चाळून न्यायालय या निष्कर्षावर आले की ‘गोंड गोवारी’ ही जमात १९११ पूर्वीच नामशेष झाली होती आणि १९५६ च्या आधी मध्य प्रांत-वऱ्हाडच्या मराठी भागात तिचा मागमूस नव्हता. म्हणजे यादीतली नोंद गोवारींचीच. १९८५ च्या शासन निर्णयातली आप्तभाव चाचणीही त्यांना लावता येणार नाही, असे न्यायालयाने सांगितले. दुसऱ्या दिवशी १५ ऑगस्ट होता. त्या समाजाला हा निकाल किती मोठा वाटला असेल हे सांगायला नको.

या निकालामागची कळकळ मला पूर्ण पटते, पण ज्या पायावर तो उभा होता तो कच्चा होता. रसेलच्या ज्या ग्रंथाचा आधार घेतला तोच ग्रंथ गोवारींचे तीन भाग सांगतो: गाय गोवारी, इंगा, आणि मारिया किंवा गोंड गोवारी. गाय गोवारी स्वतःला वरचे समजतात. इंगा आणि गोंड गोवारी हे गोंडांतून अधिक थेट आलेले. गोंड गोवारी इंगांकडचे शिजवलेले अन्न खातात, पण इंगा गोंड गोवारींकडचे खात नाहीत, आणि गाय गोवारी या दोघांकडचेही खात नाहीत. कोण कोणाच्या पंक्तीला बसतो इतका बारीक तपशील एखादा ग्रंथ वर्तमानकाळात देतो, तेव्हा ते लोक त्या काळी होते असेच समजायला हवे. नामशेष झालेल्यांची पंगत कोणी नोंदवत नाही.

दिल्लीत काय टिकले नाही

राज्य सरकार अपिलात गेले. सर्वोच्च न्यायालयापुढे प्रश्न असा होता: उच्च न्यायालयाला अशी चौकशी करता येते का?

अनुच्छेद ३४२ नुसार जमातींची यादी राष्ट्रपती प्रसिद्ध करतात आणि त्यानंतर तिच्यात घालणे-काढणे फक्त संसदेच्या कायद्याने होते. महाराष्ट्रापुरता हा मुद्दा नोव्हेंबर २००० मध्ये घटनापीठाने मिलिंद प्रकरणात पक्का केला होता. तिथे नागपूरच्याच हलबा-कोष्टींचा दावा होता. यादीत ‘हलबा, हलबी’ आहे. हलबा-कोष्टी हा त्याचाच भाग आहे असे पुरावा घेऊन ठरवता येणार नाही, यादी जशी लिहिली आहे तशीच वाचायची, असे त्या निकालात स्पष्ट सांगितले होते. म्हणजे नागपूर खंडपीठ २०१८ मध्ये निकाल देत होते तेव्हा त्याच शहरातून गेलेल्या प्रकरणात ही वाट अठरा वर्षांपूर्वीच बंद झाली होती. मग बसवलिंगप्पा? तो निकाल चुकीचा ठरवलेला नाही, पण त्याची जागा फार लहान आहे. यादीतल्या नावाची जात मुळातच आढळत नसेल तरच तो लागतो.

म्हणून सगळे प्रकरण ‘गोंड गोवारी नामशेष झाले होते का’ या एका वस्तुस्थितीवर येऊन थांबले. ही जमात १९११ पूर्वी नामशेष झाली हा निष्कर्ष बरोबर नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले आणि त्याबरोबर बसवलिंगप्पाचा आधार गेला. गोवारी आणि गोंड गोवारी या दोन वेगळ्या जाती आहेत, गोवारी हा गोंड गोवारीचा भाग आहे हे पुरावा घेऊन ठरवायला उच्च न्यायालयाला मोकळीक नव्हती, आणि गोंड गोवारीचा दाखला १९८५ च्या शासन निर्णयातल्या आप्तभाव चाचणीवर तपासता येतो, असे तीनही मुद्द्यांवर उत्तर राज्याच्या बाजूने गेले.

कायद्याच्या दृष्टीने हा निकाल बरोबर आहे असे माझे मत आहे, आणि गोवारी वाचकांना ते बोचेल हे मला माहीत आहे. पण एका खंडपीठाने यादीतल्या नावात दुसरे नाव वाचायला परवानगी दिली, तर ज्या गोंड, माडिया, कोलाम मुलांसाठी सात टक्के आरक्षण आहे त्यांचे काय, हा प्रश्न आदिवासी संघटना सुरुवातीपासून विचारत आल्या. तो आकसाचा नाही. भामरागडच्या आश्रमशाळेतल्या मुलाचाही या प्रकरणात हितसंबंध होता, आणि त्याच्या वतीने नागपुरात मोर्चा काढायला कोणी आले नव्हते.

मधल्या काळातले दाखले

निकालाच्या शेवटच्या भागाकडे लोकांचे फारसे लक्ष जात नाही, पण अनेक कुटुंबांसाठी तोच महत्त्वाचा आहे. १४ ऑगस्ट २०१८ ते १८ डिसेंबर २०२० या काळात मिळालेल्या जमातीच्या दाखल्यावर ज्या गोवारींनी प्रवेश घेतले किंवा नोकऱ्या मिळवल्या, त्यांचे ते प्रवेश आणि नेमणुका कायम राहतील असे न्यायालयाने सांगितले. मात्र पुढे जमातीचा कोणताही लाभ त्यांना मिळणार नाही. प्रवेश टिकला, पण त्याच दाखल्यावर पुढच्या शिक्षणाला राखीव जागा नाही. नोकरी टिकली, पण बढतीतले आरक्षण नाही.

अशी सवलत नेहमी मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या जगदीश बहिरा निकालानंतर अवैध ठरलेल्या दाखल्यावरची नोकरी टिकवणे महाराष्ट्रात जवळपास अशक्य झाले. २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने हजारो कर्मचारी अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येबाहेरच्या तात्पुरत्या पदांवर गेले ते त्यामुळेच. गोवारींना वेगळी वागणूक मिळाली कारण त्यांनी खोटी कागदपत्रे दिली नव्हती. उच्च न्यायालयाच्या निकालावर विसंबून, सरकारी अधिकाऱ्याकडूनच दाखले घेतले होते. ज्याच्याकडे त्या काळातला दाखला आहे त्याने प्रवेशाची किंवा नेमणुकीची तारीख दाखवणारा मूळ आदेश जपून ठेवावा. दाखल्याची तारीख त्या काळातली असणे पुरेसे नाही, लाभही त्याच काळात घेतलेला असावा लागतो.

एकट्या अर्जदाराने काय करावे

समाजाचा दावा संपला, म्हणजे प्रत्येक कुटुंबाचा संपला असे नाही, आणि इथे गल्लत होते. ‘गोवारी म्हणजेच गोंड गोवारी’ हे कोर्टात सिद्ध करता येणार नाही. पण ‘माझे आजोबा-पणजोबा गोंड गोवारी होते’ हे सिद्ध करता येते, कारण ते नाव यादीत आहेच. पहिल्या लढाईत ग्रंथ आणि जनगणना लागतात. दुसरीत घरातले कागद लागतात.

विदर्भात हे कागद बरेचदा सापडतात. कोतवाल पंजीतली (गावच्या कोतवालाच्या वहीतली) जन्म-मृत्यूची नोंद, बंदोबस्त मिसल (जुन्या जमीन-महसुलाची नोंद), जुन्या प्राथमिक शाळेचे दाखल-खारीज रजिस्टर. १९५० च्या आधीच्या नोंदीला सर्वांत जास्त वजन, कारण तेव्हा आरक्षणाच्या लोभाने कोणी जात लिहून घेतली असे म्हणता येत नाही. फाईल पाहताना मी आधी वंशावळ पाहतो आणि मग प्रत्येक कागदावरचा माणूस त्या वंशावळीत कुठे बसतो ते. पणजोबाच्या भावाच्या नावापुढे ‘गोंड गोवारी’, आजोबापुढे नुसते ‘गोवारी’, वडिलांच्या शाळेत पुन्हा ‘गोवारी’, असे चित्र वारंवार दिसते. समिती यातल्या ‘गोवारी’वर बोट ठेवते. मग सर्वांत जुनी नोंद कोणती, ती कोणी केली, आणि नंतरच्या नोंदी कोणाच्या सांगण्यावरून झाल्या, हा खरा वाद होतो.

सगळ्या नोंदी एकजात ‘गोवारी’ असतील, आणि तरीही कोणी एजंट ‘गोंड गोवारी’ लिहून अर्ज भरायला सांगत असेल, तर तसे करू नये. पडताळणी कायद्यानुसार सिद्ध करण्याची जबाबदारी कलम ८ प्रमाणे अर्जदारावर आहे, आणि खोटा दाखला घेतल्याचे ठरले तर कलम ११ खाली सहा महिन्यांपासून दोन वर्षांपर्यंत तुरुंगवासाची तरतूद आहे. अशा कुटुंबाने विशेष मागास प्रवर्गाचा दाखला आणि त्याची वैधता वेळेत करून घ्यावी. जमातीचा दावा फेटाळला जाईपर्यंत थांबून राहिलेल्या मुलांचे प्रवेशाचे वर्ष फुकट जाते.

उपविभागीय अधिकाऱ्याने दाखलाच नाकारला तर लेखी आदेश मागून घ्यावा आणि ३० दिवसांत अपील करावे. दाखला मिळाला आणि पडताळणी समितीने तो अवैध ठरवला, तर वर अपील नाही. थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. तिथे नवा पुरावा सहसा घेतला जात नाही. समितीपुढे जे दाखल केले तेच पाहिले जाते, म्हणून दक्षता अहवालाची प्रत मागून घेणे आणि त्याला मुद्देसूद लेखी उत्तर देणे हे समितीच्या टप्प्यावरचे सर्वांत महत्त्वाचे काम.

आप्तभावाच्या मुद्द्यावर आता २०२० पेक्षा बरी परिस्थिती आहे. २४ मार्च २०२३ रोजी ठाकूर जमातीच्या संघटनेने नेलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या खंडपीठाने सांगितले की आप्तभाव चाचणी ही दावा खरा-खोटा ठरवणारी निर्णायक कसोटी नाही. प्रत्येक प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवलेच पाहिजे असेही नाही. कागदपत्रांवर समितीचे समाधान झाले नाही तरच पाठवायचे. आणि वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाला योग्य चौकशीनंतर वैधता मिळालेली असेल, तर ती फसवणुकीने मिळवली असल्याशिवाय अर्जदाराला सहजासहजी नाकारता येणार नाही. शहरात वाढलेल्या मुलाला देव मोजता आले नाहीत म्हणून त्याचा पणजोबा बदलत नाही, हे या निकालामुळे आता समितीपुढे ठामपणे मांडता येते. गोंड गोवारीच्या जुन्या नोंदी असलेल्या अर्जदाराने आपल्या लेखी उत्तरात २०२० च्या निकालाबरोबर हा निकालही जोडलाच पाहिजे, नाहीतर समिती फक्त पहिल्यावर बोट ठेवून मोकळी होते.

समाजाच्या मागणीचा रस्ता मात्र मंत्रालयातून जातो. १९९९ मध्ये केंद्राने ठरवलेल्या पद्धतीप्रमाणे आधी राज्याने अभ्यासासह शिफारस करायची. मग जनगणनेचे काम पाहणारे भारताचे महानिबंधक आणि राष्ट्रीय अनुसूचित जमाती आयोग या दोघांची संमती लागते, मग केंद्रीय मंत्रिमंडळ, मग संसदेत विधेयक. पहिली पायरी महाराष्ट्र सरकारची आहे आणि तिच्यासाठी कोणत्याही कोर्टाच्या परवानगीची गरज नाही. २०२४ च्या सुरुवातीला नागपूरच्या संविधान चौकात गोवारी तरुण उपोषणाला बसले. त्यांनी सरकारकडून नवे आश्वासन घेण्यापेक्षा क्षेत्र-अभ्यासाची तारीख आणि शिफारशीच्या मसुद्याची प्रत मागावी. अभ्यास पुण्याच्या आदिवासी संशोधन व प्रशिक्षण संस्थेकडून होतो, आणि तो प्रतिकूल आला तरी तो सार्वजनिक व्हावा, म्हणजे समाजाला त्यावर मुद्द्यानुसार बोलता येईल.